अठ्ठावीस फेऱ्या

"बोलायला काय, पोपटही बोलतो. आपल्याला पैसे मिळतात ते ऐकायचे."

डेल्बर्ट हॅस्किन्स हे वाक्य आयुष्यभर बोलत आला. स्टुडिओच्या खाणावळीत एखादा नवा नट शेजारी येऊन बसला आणि आपल्याला वाक्यंच मिळत नाहीत म्हणून कुरकुरायला लागला, की डेल्बर्ट कॉफीचा कप खाली ठेवायचा, मिशी पुसायचा आणि हे वाक्य टाकायचा. न्हाव्याजवळ बोलायचा, बायकोजवळ बोलायचा. त्यात मिरवणं नव्हतं. त्या माणसाला दुसरा कसलाच गर्व नव्हता. या एका गोष्टीचा होता, आणि तो रास्त होता.

ऐकायला तो तंबूत शिकला. नेब्रास्कात बापाच्या बीटच्या शेतात वाकून वाकून कंबर धरायला लागली, तेव्हा एकोणिसाव्या वर्षी तो एका फिरत्या नाटक कंपनीबरोबर निघून गेला. उन्हाळाभर गावोगाव त्यांचा तंबू लागायचा. कंपनीत अख्खं नाटक कुणाच्याच हातात देत नसत. हाताने उतरवलेली नक्कल मिळायची. तीत फक्त आपली वाक्यं, आणि प्रत्येक वाक्याआधी समोरच्याच्या बोलण्यातले शेवटचे तीन शब्द. आपण कुणावर रागावलो आहोत, कोण मेलं आहे, हे रंगमंचावर उभं राहून कान दिल्याशिवाय कळायचं नाही. म्हणून तो कान द्यायला लागला. रानातलं जनावर उभ्या उभ्या ऐकतं ना, मान न हलवता, तसा. त्याच तंबूत पायपेटी वाजवणारी मेव्हिस होती. ती पुढे म्हणायची की तिने नवऱ्याचं तोंड नंतर पाहिलं; आधी तिला फक्त त्याचं ऐकणं दिसलं होतं.

बोलपट आले आणि तंबू बसले. बत्तीस साली दोघं एका खटारा मोटारीतून कॅलिफोर्नियात आली. पुढे सॅन फर्नांडोच्या खोऱ्यात त्यांनी दोन खोल्यांचं घर घेतलं. मागे संत्र्याची दोन झाडं होती, पुढे ओटा होता, आणि ओट्यावरून उघडे डोंगर दिसायचे. त्याच डोंगरांत घोड्यांचे, बंदुकांचे सिनेमे निघत. डेल्बर्ट त्यांत बारवाला झाला.

एकशे साठ सिनेमे त्याने केले, त्यातल्या शंभरांत तो बारमागे उभा आहे. गोल चेहरा, झुकलेली मिशी, पोटावर पांढरा एप्रन, एका हातात ग्लास आणि दुसऱ्या हातात फडकं. नायक यायचा, एक पेला मागायचा, आपलं दुःख सांगायचा. दुःख किती खोल आहे ते नायकाच्या तोंडावरून कळायचंच असं नाही. ते डेल्बर्टच्या तोंडावरून कळायचं. त्याचं फडकं जिथे थांबायचं तिथे थिएटरातल्या बायका रुमाल काढायच्या. नाव मात्र कुणाला ठाऊक नव्हतं. बाजारात एखादी बाई टोमॅटो निवडता निवडता त्याच्याकडे टक लावून बघायची आणि विचारायची, "तुम्ही टल्सा शहरात माझ्या दिराच्या शेजारी राहायचात ना?" डेल्बर्ट म्हणायचा, "हो तर. कसा आहे तुमचा दीर?" आणि मग दिराची सगळी कहाणी ऐकून घ्यायचा.

पण बारवाला जिथे उभा असतो तिथेच गोळ्या सुटतात. काडतुसं पोकळ असली तरी आवाज पोकळ नसतो. अठ्ठेचाळीस साली एका घाईच्या चित्रीकरणात दुनळी बंदूक त्याच्या डाव्या कानापासून हातभर अंतरावर उडाली. त्या दिवशी डावा कान मेला. उजवा हळूहळू गेला. विहिरीचं पाणी वर्षावर्षाला उतरत जावं तसा. आधी रातकिडे गेले. मग चुलीवरच्या किटलीची शिट्टी गेली. मग मेव्हिसच्या पायपेटीच्या वरच्या पट्ट्या गेल्या. ती वाजवत असायची आणि त्याला अर्धंच गाणं ऐकू यायचं. चौपन्न साल सरता सरता तळ दिसला. सत्तावन्न साली, ज्या वर्षाची ही गोष्ट, त्याच्या छातीत फक्त जड दारांचे दणके उमटायचे.

हे एका मेव्हिसला ठाऊक होतं. दुसऱ्या कुणालाही कळता कामा नये, यावर त्या घराचा सगळा दिनक्रम उभा होता.

सकाळी न्याहारी झाली की टेबलावर सिनेमाच्या संवादांचे कागद यायचे. मेव्हिस सगळ्यांची वाक्यं म्हणायची, पण आवाज न काढता, नुसते ओठ हलवून. डेल्बर्ट बघायचा. स्वतःचं तर करायचाच, पण सगळ्यांचंही पाठ करायचा, कारण पाठ असलेलं वाक्य ओठांवर ओळखता येतं, नवं येत नाही. फोन वाजला की तीच घ्यायची आणि डेल्बर्ट आंघोळीला गेलाय म्हणून सांगायची. त्याला कामं मिळवून देणारा ग्रोबर म्हणायचा, "सगळ्या हॉलिवूडमध्ये तुझ्या नवऱ्याइतका स्वच्छ नट नाही."

सिनेमात हे निभत होतं. चुकलं तर पुन्हा घेता येतं, आणि म्हाताऱ्या बारवाल्याच्या एखाद्या चुकीकडे कुणी फारसं लक्ष देत नाही. तरी डेल्बर्टचा जीव सदा टांगणीला. मागून कुणी हाक मारली तर? म्हणून तो नेहमी भिंतीला पाठ लावून उभा राहायचा. कुणी अंधारात बोललं तर? म्हणून दिव्याखालची खुर्ची पकडायचा. कानात घालायचं यंत्र मिळत होतं, पण अठराशे सत्तर सालच्या बारवाल्याच्या कानातून वायर लोंबून कसं चालेल? आणि एकदा कळलं की काय होतं ते त्याने डोळ्यांनी पाहिलं होतं. रॉस्को टिबेट म्हणून त्याचा जुना दोस्त होता, नेहमी न्यायाधीश व्हायचा. त्याला मोतीबिंदू झाला आणि एक दिवस तो चालत चालत कॅमेऱ्यावरच आदळला. कुणी त्याला एक वाईट शब्द बोललं नाही. सगळ्यांनी हळहळून त्याची पाठ थोपटली, आणि त्यानंतर त्याला कुणी बोलावलं नाही. रॉस्को आता एका हॉटेलाबाहेर लोकांच्या मोटारी लावून देतो.

त्या वर्षी स्वस्त सिनेमे काढणाऱ्या कंपन्या एकामागून एक बंद पडल्या. लोक घरी बसून टेलिव्हिजन बघायला लागले होते. जानेवारीपासून मेपर्यंत डेल्बर्टला एकही काम आलं नाही. आणि मग एका दुपारी ग्रोबर स्वतः घरी आला.

ओट्यावर बसून तो मेव्हिसने केलेली सफरचंद भरलेली गोड पाई खाऊ लागला. तोंडात घास, आणि बोलता बोलता मान वळवून संत्र्यांकडे बघायचा. डेल्बर्टला एक अक्षर लागेना. अशा वेळी मेव्हिसची एक युक्ती असायची. ती पाहुण्याचे शब्द आश्चर्याने परत म्हणायची, नवऱ्याकडे तोंड करून.

"टेलिव्हिजनवर? एक तासाचं नाटक?" ती म्हणाली. "आणि थेट? म्हणजे इथे बोललं की तिथे त्याच घटकेला?"

ग्रोबरने मान डोलावली. वॉन रिग्बी नायक होता, सिनेमातला मोठा नट. दिग्दर्शक न्यू यॉर्कहून आलेला, वय एकोणतीस, नाव लेस्टर फाइन. त्याने डेल्बर्टचं नाव घेऊन मागणी केली होती. हे नाटक साधलं तर त्याच गावावर, त्याच बारवर तेरा भागांची मालिका निघणार होती, आणि बारवाला तेराही भागांत.

ग्रोबर गेला. मेव्हिसने बशा उचलल्या नाहीत. ती नवऱ्यासमोर बसली आणि ओठ स्पष्ट हलवत म्हणाली, "नाही म्हण."

"का?"

"का काय विचारतोस? परत घेता येत नाही, डेल. तू चुकलास तर दोन कोटी माणसं बघतील. एकदा चुकलास तरी संपलं."

"पाच महिने काम नाही. हेही नको म्हटलं तर संपलंच की."

"मग घरी संपू दे ना. सगळ्यांसमोर कशाला?"

डेल्बर्ट डोंगरांकडे वळला. मग म्हणाला, "रॉस्कोची टोपी पाहिलीस का तू? हॉटेलवाल्यांनी दिलीय. सोनेरी किनार आहे तिला." मेव्हिस उठली आणि बशा उचलायला लागली.

दहा दिवस तालमी झाल्या. त्या एका रिकाम्या दालनात, जमिनीवर चिकटपट्ट्या मारून; ही भिंत, हे दार, हा बार. डेल्बर्टने सगळं नाटक पाठ केलं होतं, सगळ्या अठरा माणसांचं. रिग्बी म्हातारा मार्शल, म्हणजे गावचा फौजदार, झाला होता. त्याचा मुलगा सोळा वर्षांनी परत येणार म्हणून तो आगगाडीची वाट बघत असतो. तिसऱ्या अंकात तो बारपाशी येतो, एक लांब भाषण करतो आणि शेवटी विचारतो, "तुला काय वाटतं, एमॉस, गाडीला उशीर झालाय का?" त्यावर बारवाला म्हणतो, "गाडी येऊन गेली, मार्शल. तो उतरला नाही." सगळं नाटक त्या उत्तरावर वळतं. तालमीत रिग्बी बारला टेकून समोरासमोर बोलायचा. त्याचे ओठ मोठे होते, शब्द छापल्यासारखे दिसायचे. डेल्बर्टला रात्री झोप लागायला लागली.

मग बुधवारी सगळे खऱ्या स्टुडिओत गेले आणि लेस्टर फाइनला एक कल्पना सुचली. मार्शलने भाषण बारपाशी न करता खिडकीपाशी जाऊन करावं. कॅमेरा खिडकीबाहेर ठेवायचा. पुढे मार्शलचा चेहरा, मागे लांब बारवाला, दोघं एका चौकटीत. सगळ्यांनी वाहवा केली. कल्पना खरोखरच चांगली होती.

डेल्बर्टने बारपासून खिडकीपर्यंतचं अंतर डोळ्यांनी मोजलं. आता त्याला रिग्बीची पाठ दिसणार होती, नुसती पाठ.

पहिल्या तालमीत मात्र देव धावून आला असं त्याला वाटलं. खिडकीला काच होती. त्या काचेत रिग्बीचा चेहरा अंधुक उमटत होता, ओठ हलताना दिसत होते. डेल्बर्टने श्वास सोडला. आणि हातात ग्लास होताच, म्हणून सवयीने मोजलं. मार्शलचा डावा हात खिडकीच्या चौकटीवर पडल्यापासून शेवटच्या शब्दापर्यंत फडक्याच्या सत्तावीस फेऱ्या झाल्या.

जेवणाच्या सुट्टीनंतर परत आला तर एक कामगार शिडीवर चढून खिडकीची काच काढत होता. काचेत दिवे चमकतात, कॅमेऱ्याला चालत नाही. सिनेमात कुठल्याच खिडकीला काच नसते, हे पंचवीस वर्षं या धंद्यात घालवलेल्या माणसाला ठाऊक असायला हवं होतं. भीतीत माणूस साधी गोष्ट विसरतो.

आता उरल्या सत्तावीस फेऱ्या. रंगीत तालमीत त्याने रिग्बीच्या हातावर नजर ठेवली, हात चौकटीवर पडला, फडकं फिरलं, सत्तावीस झाल्या, तो बोलला. रिग्बीची मान किंचित मागे वळली. नंतर लेस्टर समोर आला. त्याचे ओठ बारीक होते, बोलणं भराभर, पण डेल्बर्टने पकडलं. "मिस्टर हॅस्किन्स, तुम्ही जरा लवकर आलात. त्यांच्या शेवटच्या शब्दावर पडलात. थोडा श्वास द्या."

म्हणजे अठ्ठावीस.

त्या संध्याकाळी घरी त्याने ग्लास आणि फडकं घेतलं. मेव्हिस त्याच्याकडे पाठ फिरवून उभी राहिली आणि भाषण म्हणत राहिली, घड्याळ हातात धरून. ती कधी लवकर संपवायची, कधी मुद्दाम रेंगाळायची, त्याची परीक्षा घ्यायला. तो दर वेळी अठ्ठावीसला बोलायचा. ती लवकर संपवी तेव्हा मध्ये पोकळी राहायची. ती रेंगाळे तेव्हा दोघांचे शब्द एकमेकांवर आदळायचे. तिने वळून त्याला हे सांगितलं नाही. "बरोबर आलं," एवढंच म्हणाली. सगळ्या आयुष्यात ती त्याच्याशी बहुतेक तेवढंच खोटं बोलली असेल.

गुरुवार उजाडला. नाटक संध्याकाळी साडेसहाला, पूर्वेकडे तेव्हा साडेनऊ. मेव्हिसने त्याला स्टुडिओपर्यंत सोडलं आणि ती परत गेली. तिला तिथे थांबवेना. डेल्बर्टने अंगावर एप्रन चढवला, मिशीला मेण लावलं. ग्लास आधीच हातात घेतला; ग्लास हातात असला की त्याचे हात शहाण्यासारखे वागत.

रिग्बीही ठीक नव्हता. हा सिनेमातला माणूस, एका वेळी चार वाक्यांहून जास्त बोलायची सवय नाही. कॉलरच्या आत घाम आला होता. डेल्बर्ट ज्याच्या त्याच्या तोंडाकडे बघून जगणारा. त्याला ते दिसलं. भ्यालेला नट भराभर बोलतो. भराभर बोलला तर अठ्ठावीस चुकणार. किंवा भ्यालेला नट अडखळतो. तरीही चुकणार.

लाल दिवा लागला.

पहिला अंक पार पडला. दुसऱ्यात डेल्बर्टची तीन वाक्यं होती, तिन्ही समोरासमोर. जागच्या जागी पडली. मग तिसरा. रिग्बी दारातून आला, बारजवळ थांबला, पेला उचलून परत ठेवला, खिडकीकडे चालत गेला. पाठ दिसायला लागली. रुंद, काळ्या कोटाची पाठ. डावा हात वर गेला आणि चौकटीवर पडला.

एक. डेल्बर्टचं फडकं फिरलं.

तो ग्लासाकडे बघत होता आणि ग्लासावरून त्या पाठीकडे. दुसरीकडे बघायची त्याची छातीच नव्हती. नऊ, दहा. खांदे वर गेले, खाली आले, म्हणजे बोलतोय. पंधरा. मानेवरची शीर ताठ झाली होती. भाषणात तिथे मुलाचं नाव येतं, तेही बरोबर. वीस. डेल्बर्टला वाटलं, एखादी फेरी आपण दोनदा मोजली की काय. पण थांबता येत नव्हतं, फडकं थांबलं की हिशेबच गेला. पंचवीस, सव्वीस. त्याने मुलाची वाट बघणाऱ्या बापाकडे बघावं तसं त्या पाठीकडे बघितलं. सत्तावीस. श्वास घेतला. अठ्ठावीस.

"गाडी येऊन गेली, मार्शल," डेल्बर्ट म्हणाला. "तो उतरला नाही."

त्या अठ्ठावीस फेऱ्यांत काय झालं ते त्याला तेव्हा कळलं नाही, पण इथे सांगायला हवं.

रिग्बी एक शब्दही बोलला नव्हता. चौकटीवर हात ठेवला आणि त्याचं भाषण पुसलं गेलं, पाटी पुसावी तसं. तोंड उघडं, डोळे ओले, आणि कॅमेरा हातभर अंतरावर. देशभर घराघरांत एक म्हातारा माणूस खिडकीबाहेर बघत उभा होता आणि मागून ग्लासावर घासणाऱ्या फडक्याचा बारीक आवाज येत होता. दुसरं काही नाही. वरच्या, दिग्दर्शक बसतो त्या काचेच्या खोलीत लेस्टर फाइन दोन्ही हातांनी डोकं धरून उभा होता.

खाली बारच्या मागे लाकडी भिंतीत एक फट ठेवली होती. तिथे प्रॉम्प्टर ड्युलसी व्हार्गा वही घेऊन स्टुलावर बसलेली. चाळिशीतली, कोरड्या तोंडाची बाई; नट वाक्य विसरतात हे तिला नवं नव्हतं. रिग्बी लांब होता, त्याला सांगायला गेलं तर मायक्रोफोनने उचललं असतं. पण डेल्बर्ट जवळ होता. त्याने एक प्रश्न विचारला असता तरी गाडी पुढे सरकली असती. ड्युलसीने फटीला तोंड लावलं. तिचं तोंड आणि त्याचा उजवा कान यांत वीतभर अंतर होतं.

"डेल्बर्ट," ती कुजबुजली. "बोला. तो विसरलाय."

फडकं फिरत राहिलं.

"डेल्बर्ट, काहीतरी बोला."

तिसऱ्यांदा ती जवळजवळ मोठ्यानेच बोलली; कुणाच्या घरी ऐकू गेलं असलं तर गेलं असेल. कानाच्या इतक्या जवळ आपलं नाव आलं तर झोपलेला माणूससुद्धा पापणी हलवतो. डेल्बर्टची पापणी हलली नाही. त्याचे ओठ मात्र हलत होते, अगदी बारीक. ड्युलसीने निरखून पाहिलं. तो आकडे मोजत होता. तेवीस, चोवीस. तिच्या हातातली वही हळूहळू मांडीवर आली, आणि अठ्ठावीस झाल्यावर ते वाक्य तिने ऐकलं, कुणी न विचारलेल्या प्रश्नाचं उत्तर. खिडकीपाशी रिग्बीचा चेहरा कोसळला, खराखुरा, आणि पुढचं सगळं त्याला आठवलं.

नाटक संपलं. दिवे विझले.

डेल्बर्टला दिसलं ते एवढंच: रिग्बी सरळ त्याच्याकडे चालत आला, त्याला मिठी मारली आणि त्याच्या खांद्यात तोंड खुपसून काहीतरी बोलायला लागला. शब्द खांद्याच्या हाडात गुणगुणत होते, पण ओठ दिसत नव्हते. एप्रनला ओल लागली. मोठा माणूस रडतोय. म्हणजे बिघडलं. रिग्बीच्या खांद्यावरून त्याने वर पाहिलं. लेस्टर फाइन लोखंडी जिना दोन-दोन पायऱ्यांनी उतरत होता, कॅमेरेवाले, दिवेवाले जागा सोडून त्याच्याकडेच बघत होते. अठरा माणसं, वीस माणसं, सगळी त्याच्याकडे. असं रॉस्कोकडे बघत होते लोक. आता हे हळहळतील, पाठ थोपटतील. त्याला ते सोसणार नव्हतं. रॉस्को उभा राहिला होता थोपटून घ्यायला. आपण त्याआधी निघून जायचं, तेवढं तरी आपल्या हातात आहे, असं त्याला वाटलं.

त्याने रिग्बीचे हात हळूच सोडवले, एखाद्या गिऱ्हाइकाला समजावावं तसे. एप्रन काढला, घडी केली, बारवर ठेवला. ग्लास त्यावर ठेवला. आणि वळून चालायला लागला.

मागे टाळ्या सुरू झाल्या. आधी एका दिवेवाल्याने वाजवल्या, मग सगळ्यांनी. लेस्टर खालच्या पायरीवर पोचला आणि ओरडला, "मिस्टर हॅस्किन्स." डेल्बर्ट चालतच राहिला. "मिस्टर हॅस्किन्स, तेरा भाग. तेराही." एकजण हसून म्हणाला की म्हातारा भाव खातोय. दुसरा म्हणाला, खाऊ दे, आजच्या दिवशी त्याचा हक्क आहे. लेस्टर त्याच्या मागे धावणार, एवढ्यात ड्युलसी व्हार्गा भिंतीमागून बाहेर आली आणि त्याच्या वाटेत उभी राहिली.

"हाका नका मारू त्यांना," ती म्हणाली.

"अगं, पण सांगायला नको का? त्याने आज काय केलंय ते कळतंय का तुला? मी त्याला लवकर येता म्हणून बोललो होतो, आणि हा माणूस एवढी शांतता धरून..."

"मी सांगते. उद्या सकाळी त्यांच्या घरी जाते आणि समोर बसून सांगते." तिने वही काखेत मारली. "आणि मालिका करणार असाल तर प्रॉम्प्टर मीच राहीन. हे आत्ताच ठरवून टाका."

लेस्टरने तिच्याकडे पाहिलं, खांदे उडवले आणि ठरलं म्हणाला. त्याला दुसरं बरंच काही सुचत होतं.

डेल्बर्ट जमिनीवरच्या वायरी ओलांडत चालला होता. कापडावर रंगवलेले डोंगर त्याच्या शेजारून मागे गेले, मग पाणी प्यायचा हौद, मग कुणाचाही नसलेला एक जिना. मान खाली नव्हती. पाऊल मात्र जपून पडत होतं, लांबच्या वाटेला निघालेल्या माणसासारखं. टोकाचं मोठं दार त्याने खांद्याने ढकललं आणि जूनच्या संध्याकाळचं शेवटचं ऊन आत पट्ट्यासारखं आलं. त्यात तो क्षणभर काळा दिसला, गोल पाठीचा, रिकाम्या हातांचा. वीसेक माणसं उभी राहून टाळ्या वाजवत त्याला जाताना बघत होती. ड्युलसी व्हार्गा तेवढी वाजवत नव्हती. दार लागेपर्यंत ती बघत राहिली.